धुराडं नसलेल्या घरांचा नाताळ

मराठी शाळेतल्या मुलांचे दिवाळीवरचे निबंध सप्टेंबरात माझ्याकडे येतात. त्यांतले चार-पाच निवडून मंडळाच्या स्मरणिकेत छापायचे असतात. पेन्सिलीने लिहिलेली ती वाकडीतिकडी अक्षरं वाचायला मला मनापासून आवडतं. पण बहुतेक सगळ्यांच्या निबंधात दिवाळी एकच असते. पहाटेची गुलाबी थंडी, उटण्याचा वास, अंगणातली रांगोळी, आजीच्या हातच्या चकल्या. अटलांटाच्या उत्तरेला जॉन्स क्रीक, अल्फारेटाकडे वाढणाऱ्या या मुलांच्या घरांपुढे अंगण नाही, ड्राइव्हवे आहे. आजी आली तर उन्हाळ्यात येते, कारण तिचं तिकीट शाळेच्या सुट्टीवर ठरतं. तरी मुलं पाठ्यपुस्तकातली दिवाळी शहाण्यासारखी उतरवून काढतात. यंदा मात्र एका मुलाच्या कागदावर निराळीच दिवाळी निघाली. त्याने लिहिलं होतं की 2024 मध्ये दिवाळी आणि हॅलोविन एकाच दिवशी, गुरुवारी आले. दुसऱ्या दिवशी त्याची गणिताची परीक्षा होती. बाबा उशिरा आले. आईने दारात पणत्या लावल्या आणि चॉकलेट मागायला आलेल्या एका मुलाने विचारलं, हे तुमचं हॅलोविनचं डेकोरेशन आहे का. ‘मी हो म्हणालो. मग आम्ही लाडू खाल्ला आणि मी अभ्यास केला.’ निबंध संपला.

मी तो सगळ्यांत वर ठेवला. बैठकीत तो वाचला गेला, दोघं-तिघं हसले, प्रेमानेच हसले, आणि मग एक सूचना आली की छान आहे, पण जरा दिवाळीसारखा करून घ्या. सूचना करणाऱ्याचा हेतू वाईट नव्हता. त्या मुलाच्या आजी-आजोबांच्या हातात उद्या ही स्मरणिका पडणार, त्यांना काय वाटेल, हा विचार त्यामागे होता आणि तो मला कळतो. पण रात्री भांडी आवरताना ते वाक्य डोक्यातून जाईना.

दिवाळीसारखा म्हणजे कशासारखा?

हा प्रश्न मनात आला आणि त्याच्या पाठोपाठ एक गाणं वाजायला लागलं. अटलांटाच्याच दोन पोरांचं, 1993 च्या नोव्हेंबरात आलेलं. आउटकास्ट या रॅप जोडीचं ‘प्लेयर्स बॉल’, त्यांचं पहिलंवहिलं सिंगल. आंद्रे बेंजामिन आणि अँटवान पॅटन, म्हणजे पुढे ज्यांना जग आंद्रे 3000 आणि बिग बॉय म्हणून ओळखायला लागलं ते दोघं, तेव्हा अठरा वर्षांचे होते. गाणं सुरू होताना मागे नाताळच्या घसरगाडीचे घुंगरू वाजतात. मग बिग बॉय पहिलं कडवं सुरू करतो तेच एका अतिशय ओळखीच्या नाताळगीताच्या शब्दांनी. इथे डिसेंबरभर प्रत्येक दुकानात वाजणारी ती ओळ आहे, सगळीकडे आता नाताळसारखं दिसू लागलंय, अशा अर्थाची. ऐकणाऱ्याच्या ओठांवर पुढचा शब्द तयार असतो. बिग बॉय तिथपर्यंत आणतो आणि तो शब्द म्हणतच नाही. कशासारखं, असं विचारून पुढे जातो. थांबतसुद्धा नाही, आवाज चढवत नाही. एवढ्यात ते कडवं आपल्या गल्लीत पोचलेलं असतं.

हे गाणं मला ग्रंथालयातल्या माझ्या सहकारणीने ऐकवलं. ती शहराच्या दक्षिणेकडच्या ईस्ट पॉइंटची, आम्ही एकाच काउंटरवर बरीच वर्षं बसलो. डिसेंबरातली संध्याकाळ होती, माझी गाडी गॅरेजमध्ये होती म्हणून ती मला घरी सोडत होती. बाहेर अटलांटाचा ठरलेला डिसेंबर, ना धड थंडी ना धड ऊब, बारीक पाऊस, रस्त्यावर ओल्या पाइनच्या काड्यांचा थर. तिने रेडिओवरचं बर्फाचं गाणं बंद केलं आणि म्हणाली, थांब, तुला आमचा नाताळ ऐकवते. मला पहिल्यांदा शब्द फारसे कळले नाहीत. कळला तो बेस. तो कानाला न लागता सीटमधून पाठीला लागत होता, सावकाश, कुठेही जायची घाई नसलेला. त्यावर कोणीतरी अगदी वरच्या पट्टीत, पातळ, गोड आवाजात ध्रुवपद गात होतं. तो स्लीपी ब्राउन. त्याचे वडील ब्रिक नावाच्या अटलांटाच्याच फंक बँडमधले, त्यामुळे तो सत्तरच्या दशकातला गोडवा त्याच्याकडे घरातून आलेला. आणि या गोडव्याखाली दोन मुलं आपल्या दक्षिणी हेलात, शब्दांची शेपटं लांबवत, भराभर बोलत होती. माझी सहकारीण स्टेअरिंगवर बोटं वाजवत सगळं कडवं त्यांच्याबरोबर म्हणाली. एरवी काउंटरवर ती इतक्या सरळ, धुतलेल्या इंग्रजीत बोलते की हा हेल तिच्याकडे आहे हे मला तोपर्यंत ठाऊक नव्हतं.

गाण्याची गोष्ट तिच्याकडूनच आधी कळली, मग मी हाताला लागेल ते वाचत गेले. एल. ए. रीड आणि बेबीफेस या संगीतनिर्मात्यांची लाफेस ही रेकॉर्ड कंपनी तेव्हा अटलांटात होती, टीएलसी हा गट आणि गायिका टोनी ब्रॅक्स्टन यांच्यामुळे भरभराटीला आलेली. आपल्या सगळ्या कलाकारांना घेऊन नाताळचा एक अल्बम काढायचा असं ठरलं आणि ऑर्गनाइज्ड नॉइझ या निर्मात्यांच्या त्रिकुटाला सांगण्यात आलं की तुमच्या त्या दोन पोरांचंही एक गाणं द्या. रिको वेड, रे मरी आणि स्लीपी ब्राउन हे ते त्रिकुट. रीड यांची आधी या दोघांबद्दल खात्री पटलेली नव्हती. म्हणजे पहिली संधी आली ती अशी, दुसऱ्याच्या सणाची ऑर्डर म्हणून. पोरांना नाताळचं गाणं करायचंच नव्हतं. करायचं काय मग? भेटवस्तूंसाठी धुराड्यापाशी टांगतात ते मोजेपण टांगायचे नाहीत, बर्फही पडत नाही, सांताक्लॉज ज्या धुराड्यातून उतरतो ते धुराडंच आमच्या वस्तीत कुणाकडे नाही. तर मग तेच लिहिलं. आमच्याकडे त्या दिवशी काय होतं ते. गाण्यात खरंच तशी ओळ आहे, इथे धुराडी नाहीत तेव्हा मी काही मोजे टांगणार नाही अशी. आणखी एके ठिकाणी येतं की आणखी एक वर्ष निभावलं, याहून जास्त काय मागायचं. अठराव्या वर्षी, उत्सवाच्या गाण्यात, हे वाक्य. ते उच्चारताना आवाजात तक्रार नाही, म्हणून ते जास्त आत जातं.

हे सगळं जिथे शिजलं ती जागा म्हणजे रिको वेडच्या आईच्या घराचं तळघर. शहराच्या दक्षिणेला, लेकवुड हाइट्समध्ये. तिला सगळे ‘डंजन’ म्हणायचे. फरशी नव्हती, भिंतींचं काम अर्धवट होतं आणि पायाखाली जॉर्जियाची लाल माती होती. तिथे जुन्या खुर्च्यांवर, जिन्याच्या पायऱ्यांवर ही सगळी मुलं रात्र रात्र बसायची, एकमेकांच्या ओळी ऐकायची, खोडायची. पुढे ज्यांचा गुडी मॉब हा रॅप गट झाला ती मुलंही तिथलीच. लाल माती हा शब्द वाचल्यावर मी पुस्तक बाजूला ठेवलं होतं. मी कुडाळची. अटलांटाला पहिल्यांदा उतरले तेव्हा विमानातून खाली खणलेल्या जागांवर तो रंग दिसला आणि छातीत कसंतरी झालं होतं. इथल्या पावसाळी दिवसांत चपलेच्या कडेला बसलेला तो तांबडा राप घासून निघत नाही, पांढरा मोजा एकदा भिजला की गेलाच. त्या तळघरात बसलेल्या मुलांच्या पँटींना तोच राप लागत असणार, आणि घरी कुणाची तरी आई तो काढत बसली असणार.

उत्तरेकडे राहणाऱ्या आम्हा मराठी माणसांना शहराचा तो भाग माहीत आहे तो फक्त विमानतळाच्या वाटेवरचा. आई-बाबांना आणायचं म्हणून 400 नंबरच्या हमरस्त्यावरून खाली यायचं, डाउनटाउनच्या उंच इमारती मागे टाकायच्या आणि मग हार्ट्सफील्ड-जॅक्सन येईपर्यंत कुणी गाडीबाहेर बघत नाही. लेकवुड हाइट्स, ईस्ट पॉइंट, कॉलेज पार्क, सगळं त्याच पट्ट्यात. आंद्रे आणि अँटवान ईस्ट पॉइंटच्या ट्राय-सिटीज हायस्कूलमध्ये शिकत होते. रिको वेड तिथल्याच एका सौंदर्यप्रसाधनांच्या दुकानात कामाला होता आणि त्या दुकानाच्या पार्किंगमध्ये, गाडीतल्या स्टीरिओवर दुसऱ्याच्या गाण्याचं नुसतं संगीत लावून, या दोघांनी त्याला आपलं रॅप ऐकवलं. आळीपाळीने, न थांबता. तिथून त्याने त्यांना थेट तळघरात नेलं. 1994 च्या एप्रिलमध्ये त्यांचा पहिला अल्बम आला, त्यात मध्येच विमानाच्या वैमानिकाची उद्घोषणा आहे. तो प्रवाशांचं अटलांटात स्वागत करतो, जॉर्जिया डोम हे स्टेडियम दाखवतो आणि तिथे अजून कॉन्फेडरेट झेंडा, गुलामगिरी टिकवायला लढलेल्या दक्षिणी राज्यांचा, फडकतोय हेही त्याच सुरात सांगतो. त्या वेळी राज्याच्या झेंड्यावर ते चिन्ह होतंच, 1956 पासून, आणि ते निघायला 2001 उजाडलं. ऑलिम्पिक तोंडावर आलेलं शहर जगाला आपलं नवं रूप दाखवायला सजत होतं, मार्टिन ल्यूथर किंगचं गाव म्हणून मिरवत होतं, आणि ही दोन पोरं विमानातून उतरणाऱ्याला सांगत होती की जरा डावीकडेही बघा. आता विमानतळाकडे जाताना मला ती उद्घोषणा आठवल्याशिवाय राहत नाही.

बर्फाचं म्हणाल तर या शहरात नाताळच्या दिवशी मोजण्याइतका बर्फ 2010 मध्ये पडला. त्याआधीचा तसा नाताळ एकोणिसाव्या शतकातला होता. 2014 च्या जानेवारीत जेमतेम दोन इंच पडला तर लोक रात्रभर हमरस्त्यांवर गाड्यांत अडकून पडले, मुलं शाळांत झोपली. आणि तरीही दर डिसेंबरात इथे कापसाचा बर्फ खिडक्यांना चिकटवतात, शुभ्र नाताळाची गाणी म्हणतात. मला त्यात खोटं काही वाटत नाही. माणसाला सण घेताना त्याचं चित्रही हवं असतं. आम्ही कुडाळला शाळेत असताना निबंधात गुलाबी थंडीच लिहायचो. प्रत्यक्षात दिवाळीच्या सुमारास आमच्याकडे अंग चिकट व्हायचं, भातकापणी चाललेली असायची, घरातली निम्मी माणसं मळ्यात. नरकचतुर्दशीला तुळशीपुढे कारीट फोडायचं डाव्या पायाच्या अंगठ्याने, त्याचा कडू रस जिभेला लावायचा, आणि मग पाच-सहा तऱ्हांचे पोहे. चकलीचं कौतुक नंतर. पण पुस्तकात थंडी होती, कारीट नव्हतं, म्हणून कारीट वहीत यायचं नाही. ते लिहिण्याजोगं आहे असं आम्हाला कुणी सांगितलंच नव्हतं. मालवणी बोलणं रंगमंचावर ऐकायला माणसं तिकीट काढून येतात हे मच्छिंद्र कांबळींनी दाखवलं तेव्हा माझ्या वडिलांच्या डोळ्यांत जे दिसलं होतं, ते त्या संध्याकाळी गाडी चालवणाऱ्या माझ्या सहकारणीच्या चेहऱ्यावर दिसलं.

आणि तरी हे गाणं मला पूर्ण पचलेलं नाही. प्लेयर्स बॉल म्हणजे बायकांच्या धंद्यावर जगणाऱ्या दलालांचा मेळावा. वर्षातून एकदा नटूनथटून, फरचे कोट घालून, कॅडिलॅकमधून यायचं आणि आपली श्रीमंती एकमेकांना दाखवायची. सत्तरच्या दशकातल्या सिनेमांनी त्याला एक झगमगाट दिला, आणि सायकल बिघडली तरी पैसे नसलेल्या पोरांना तो झगमगाट मोह घालणारच. गाण्यात दारू आहे, गांजा आहे, बायकांबद्दलचे शब्द आहेत. मी हे गाणं घरात मोठ्याने लावते तेव्हा काही ओळींना माझा हात आवाजाच्या बटणाकडे जातो. सहकारणीला मी एकदा विचारलं, तुला ते खटकत नाही का. ती थोडा वेळ गप्प राहिली. मग म्हणाली, तेव्हा आम्ही मुली त्या ध्रुवपदावर नाचलो, गाड्यांच्या मागे, कुणाच्यातरी अंगणात. त्या मेळाव्याला आम्हाला कुणी नेणार नव्हतं हे आम्हाला माहीत होतं, आणि या पोरांनाही कुणी नेणार नव्हतं. ती पोरं दारात उभं राहूनच गात होती. माझ्या मुलींनी ऐकलं तर मला त्यांच्याशी बोलावं लागतं, आणि मी बोलते. इतकंच म्हणून ती परत आलेल्या पुस्तकांकडे वळली. मला वाटतं तिचं खरं आहे. पूर्ण कडवं ऐकलं तर त्यात दलाल कमी आणि कोपऱ्यावर उभी राहिलेली पोरंच जास्त आहेत. पण ज्या बायकांच्या जिवावर तो कोट येतो त्या गाण्यात कुठेही बोलत नाहीत. गाणं खरं आहे म्हणून ही उणीव भरून निघत नाही, आणि उणीव आहे म्हणून गाण्यातला तो नाताळ खोटा ठरत नाही. मला दोन्ही वागवावं लागतं.

पुढचं सगळं जगजाहीर आहे. नाताळ संपला तरी गाणं संपेना. बिलबोर्ड या संगीत-मासिकाच्या रॅप यादीत ते सहा आठवडे पहिलं राहिलं. अल्बममध्ये घेताना ध्रुवपदातला नाताळचा दिवस काढून तिथे रोजचा दिवस घातला, म्हणजे गाणं जे पहिल्यापासून सांगत होतं तेच आता सरळ म्हटलं गेलं. 1995 च्या ऑगस्टमध्ये न्यूयॉर्कला सोर्स या हिप-हॉप मासिकाच्या पुरस्कारांत नव्या गटाचं बक्षीस घ्यायला ही जोडी मंचावर गेली तेव्हा प्रेक्षकांनी हुर्यो उडवली आणि आंद्रेने माइकवर सांगितलं की दक्षिणेलाही काही बोलायचं आहे. ते वाक्य आता टी-शर्टांवर असतं. मला ते वाक्य आवडतं, पण लोक तिथून गोष्ट सुरू करतात ते पटत नाही. ते वाक्य रागातून आलं, भरलेल्या सभागृहासमोर, न्यूयॉर्क आणि लॉस एंजेलिसच्या रॅपरांच्या भांडणात. त्याच्या दोन वर्षं आधी, कुणी हुर्यो करत नसताना, कुणी ऐकतही नसताना, मागणीप्रमाणे चारेक मिनिटांचं गाणं देताना हीच मुलं बोलून बसली होती. बर्फ लिहिणं सोपं होतं. बर्फ लिहिला असता तर कुणी नावं ठेवली नसती, गाणं अल्बमच्या एका कोपऱ्यात बसलं असतं, मानधनही मिळालं असतं. मला त्या गाण्यात धाडस दिसतं ते इथे. आपल्या दिवसात सांगण्यासारखं काहीच घडत नाही अशी समजूत करून दिलेल्या मुलाने तो न घडलेला दिवसच सांगायला घेणं.

2024 च्या एप्रिलमध्ये रिको वेड गेला, बावन्नाव्या वर्षी. बातमी आली त्या दिवशी ग्रंथालयात माझ्या सहकारणीने सुट्टी घेतली नाही, पण जेवणाच्या वेळात ती गाडीत जाऊन बसली आणि मी तिच्या शेजारी. तिने सांगितलं की त्या दुकानात तिची आई केसांचं सामान घ्यायची. काउंटरमागचा तो पोरगा सगळ्यांशी बोलायचा, सगळ्यांना विचारायचा, तुला काय येतं? गातोस? लिहितेस? तिलाही विचारलं होतं. ती काही म्हणाली नव्हती, तिला तेव्हा वाटलं होतं की आपल्याला काय येणार. तिने हे सांगताना माझ्याकडे पाहिलं नाही आणि मीही काही विचारलं नाही. ही तीस वर्षं उलटून गेलेली गोष्ट होती, पण प्रश्न विचारणारा माणूस त्या दिवशी गेला होता.

त्या मुलाचा निबंध मी बदलला नाही. बैठकीत पुन्हा विषय निघाला तेव्हा म्हटलं की शुद्धलेखन तपासून देते, बाकी एक शब्द हलवणार नाही, आणि तो पहिल्याच पानावर हवा. थोडी चर्चा झाली, मग कुणी फार ताणलं नाही. नंतर त्याची आई फोनवर जरा काळजीत होती. म्हणाली, मॅडम, हॅलोविनचं डेकोरेशन म्हणाला ते तरी काढायचं का, सासूबाईंना वाईट वाटेल. तिची बाजू मला कळत होती. त्या सासूबाई साताऱ्याहून दर रविवारी व्हिडिओ कॉल करतात, नातवाच्या मराठीचं त्यांना केवढं अप्रूप. मी म्हटलं, त्याला विचारू या. तिने फोन त्याच्या हातात दिला. मी विचारलं, ते वाक्य ठेवू का रे? तो म्हणाला, ठेवा ना, तसंच झालं होतं. मग त्यानेच विचारलं की पुढच्या वेळी दिवाळीवरच लिहायचं की दुसऱ्या कशावर लिहिलं तर चालेल. मी विचारलं, कशावर लिहायचंय? तर म्हणाला, आमच्या गॅरेजवर, कारण आम्ही सगळं तिथेच करतो. मी त्याला सांगितलं, लिही, आणि लवकर लिही, मला वाचायचंय.